चौकशी पुढे चालू ठेवा

सोयरीकीची चौकशी माह्याइतकी गुपचूप करणारा माणूस भंडारा जिल्ह्यात दुसरा नाही. गोंदिया आमच्यातून वेगळा झाला नव्हता तेव्हाही नव्हता. आता तं जिल्हा अर्धाच राहिला, म्हणजे माह्या बरोबरीचे जे कोणी असतील तेही अर्धे तिकडं गेले.

ज्याहीले ही विद्या माहीत नाही त्याहीच्यासाठी थोडं सांगतो. पोरगी द्याची असली का पाहुण्याच्या घरी चहा पिऊन काही समजत नाही. चहाच्या दिवशी सारं घर देवमाणूस असते. खरं घर समजते ते चौकातल्या पानठेल्यावर, पिठाच्या चक्कीवर, अन् शेजारच्या अशा म्हाताऱ्यापाशी, ज्याच्याशी ते लोक बोलत नाहीत. तिथं जायचं, भलत्याच कामाचं नाव सांगायचं, अन् बोलता बोलता विचारायचं. पोरगा पिते का, बाप चिडते का, माय किती बोलते. अट एकच, त्या घराले कधी समजलं नाही पायजे. समजलं का सोयरीक तं जातेच, वरून माणसाची इज्जत जाते. मी हायस्कुलात बाबू होतो. जन्मभर लोकांच्या पोरांचे दाखले लिहिले, त्यामुळं इज्जतीचं मले जरा जास्तच आहे.

साळीच्या पोरीसाठी पवनीचं एक स्थळ आलं होतं. पवनी म्हणजे माही सासुरवाडी. तरी मी गळ्यात दुपट्टा टाकून, पायात टायरची चप्पल घालून, वांग्याची रोपं पायजे म्हणत सारी पवनी फिरलो. दिवस बुडाच्या आत खबर काढली का पोरगा चांगला आहे, फक्त दिवे लागले का झोपते. लग्न झालं. तो अजूनही दिवे लागले का झोपते. पण तो वांगेवाला कोण होता, हे पवनीत आजपर्यंत कोणाले समजलं नाही.

हे येवढं सांगाचं कारण, मग माह्या सोताच्या पोरीची पाळी आली.

रंजिता भंडाऱ्याले एका लॅबमध्ये काम करते. मोहाडीहून रोज बसनं जाणं-येणं. दिवसभर लोकांचं रक्त तपासते, म्हणून घरी पाहाले आलेला पोरगाही ती काचेवर थेंब ठेवल्यासारखा पाहते. एकाले तिनं नाही म्हटलं, कारण त्यानं बशीतला चहा फुंकला. दुसऱ्याले नाही म्हटलं, कारण त्याच्या मायनं त्याच्यासाठी फुंकला. शेवटी तुमसरच्या धकाते घराण्यातला भूषण पाहाले आला. घराणं आमच्यासारखंच, मुळातलं विणकर. आमच्या मागावर धूळ बसली, त्याहीनं कापडाचं दुकान टाकलं. पोरगा सिंचन खात्यात. पाहुणे गेल्यावर रंजिता भांडे घासता घासता मायले म्हणाली, ठीक आहे.

मी म्हटलं, ठीक आहे म्हणजे काय? शेवंता, म्हणजे माही बायको, म्हणाली का या पोट्टीचं 'ठीक आहे' म्हणजे दुसरी पोट्टी गच्चीवर नाचली असती. मग पदर खोचून तिनं मले जवळ बोलावलं.

"आयका जी. पोरीचं मन बसलं आहे. ही सोयरीक तुमच्या हातानं मोडली, तं मी पवनीले निघून जाईन अन् तुमी रोज आपल्या हातानं भात रांधान."

मी आजपर्यंत एकदाच भात रांधला आहे. तो शेजारच्या गोमाजीच्या म्हशीनं हुंगून सोडला. म्हणजे प्रकरण किती गंभीर होतं ते ध्यानात घ्या.

पण चौकशी केल्याबिगर पोरगी कशी द्याची? अन् इथं माहा गुडघा आडवा आला. तुमसरच्या पानठेल्यावर दिवसभर उभं राहाची त्याची तयारी नव्हती. तेव्हा माही नजर गेली लॅपटॉपवर. रंजिताचा जुना. बिघडला होता तेव्हा चौकातल्या ऑनलाईन सेंटरवाल्या अंकुरनं तो पुसूनबिसून नवा करून देला होता. सातबारा पाहा, लाईटबिल पाहा, येवढं मले जमत होतं. मी इचार केला, सारं जग घरी बसून याले विचारून राहिलं, तं मी तुमसरले जाऊन काहून विचारू? दुपट्टा नाही, वांगे नाही. विचाराचं अन् झाकण लावायचं. पानठेलेवाला एखाद्या वेळी सांगूनही देईन का कोण आलं होतं. यंत्र कोणाले सांगणार आहे?

हे मी मनातल्या मनात म्हटलं होतं. शब्द न् शब्द आठवते.

शेवंता देवळात गेल्यावर बसलो. आधी 'धकाते तुमसर' टाकलं. दुकानाचा फोटो आला. पाटीखाली कैलाशजी धकाते, म्हणजे पोराचा बाप, हात जोडून उभे. डोकं इतकं गुळगुळीत का दुकानातला ट्यूबलाईट त्याच्यात सरळ दिसत होता. भूषणचं कपाळही मले त्या दिवशी जरा मागं सरकल्यासारखं वाटलं होतं. मी 'धकाते तुमसर टक्कल' टाकलं. मग जरा शास्त्राले धरून जावं म्हणून 'टक्कल बापाकडून येते का मामाकडून'. मग 'धकाते तुमसर भानगड'. मग पोराच्या मायसाठी 'सासूचा स्वभाव चेहऱ्यावरून कसा ओळखावा'. भानगड काही निघाली नाही. टकलाबद्दल शास्त्रात एकमत नाही. झाकण लावलं अन् मोठ्या समाधानानं शेवंतानं आणलेला प्रसाद खाल्ला.

दुसऱ्या दिवशी लाईटबिल पाहाले लॅपटॉप उघडला. अजून मी काही टाकलंही नव्हतं, तं पडद्यावर एक पेटी. वर लिहिलेलं, 'शोध पुढे चालू ठेवा'. खाली ठळक अक्षरात 'धकाते तुमसर', अन् त्याच्या पोटात माहे सारे प्रश्न, प्रार्थनेले उभे केलेल्या पोराइसारखे ओळीनं. अन् बाजूले, आपल्या मनानं जोडलेलं एक, 'धकाते तुमसर अटक'.

अटक मी विचारलीच नव्हती. आता मले समजेना, का यंत्राले काही माहीत आहे अन् ते मले सांगून राहिलं, का त्याले काही माहीत नाही अन् ते मलेच विचारून राहिलं. पानठेल्यावर असं अर्धवट बोलणारा माणूस भेटला असता तं मी त्याले पान खाऊ घालून पुढचं काढलं असतं. याले काय खाऊ घालाचं?

त्याच्या खाली दुसरी पेटी होती, 'मूळव्याध'. तिच्या पोटात 'मूळव्याध घरगुती उपाय', 'बसलं का दुखते', 'मूळव्याध सुरण'. त्याच्या खाली 'म्हैस गाभण कशी ओळखावी'. त्याच्या खाली 'फाडफाड इंग्रजी'. यातलं एकही माहं नव्हतं. मी डोळे चोळले. इतक्यात शेवंता चहा घेऊन मागं येऊन उभी राहिली. मी झटकन धकात्यांवर हात ठेवला. हाताखाली धकाते झाकले, खालचं उघडं राहिलं. ते तिनं वाचलं.

ती चहा परत घेऊन गेली अन् ताक घेऊन आली.

मी म्हटलं, हे माहं नाही. ती म्हणाली, सारे असंच म्हणतात, तिच्या बाबानं तं दवाखान्याच्या दारापर्यंत हेच म्हटलं होतं. त्या दिवशी जेवणात सुरण आलं. दुपारी तिनं समोरच्या पुष्पाबाईले सांगितलं, कोणाले सांगू नका म्हणून बजावूनच सांगितलं. त्यामुळं गल्लीत पोचाले जरा वेळ लागला. संध्याकाळ झाली.

गल्लीच्या मायेचं मी काय सांगू. जो तो येऊन आधी माह्याकडं, मग मी बसलो होतो त्या खुर्चीकडं पाहे. एकानं मुळ्याचा रस सांगितला, एकानं मुळ्याचं नावही काढू नका म्हटलं. पुष्पाबाईनं मधोमध भोक असलेली गोल उशी आणून देली, तिच्या सासऱ्याची. ते आता नाहीत, पण उशी चांगली आहे म्हणे. ती उशी मी घेतली नाही, तं लोक म्हणाले बिमारी मनाले लागली.

सर्वात जास्त जीव लावला गोमाजीनं. गोमाजी म्हणजे आमचा शेजारी, धानाचा शेतकरी, माह्याहून वयानं मोठा, म्हशीवाला. फार विनयी माणूस. आजकाल किती आग्रह करा, खुर्चीवर बसत नाही, उभ्यानंच बोलते. त्यानं मले सारं समजावून सांगितलं. सकाळी बरं वाटते, दुपारी ठणकते, ट्रॅक्टरवर तं बसाचंच नाही, अन् तिखट खाल्लं तं आपलं आपणच भोगाचं. सांगता सांगता त्याचे डोळे भरून आले. माह्यासाठी या माणसानं किती माहिती काढली, या इचारानं माहेही आले.

पण उशीपेक्षा मले त्या वरच्या पेटीचं भेव होतं. शेवंतानं 'धकाते अटक' पाहिलं असतं तं संध्याकाळच्या बसनं पवनी. रंजिताले विचारावं तं तिले सांगाचं काय? बाप तुह्या होणाऱ्या सासऱ्याचं टक्कल तपासून राहिला होता? मी लॅपटॉप थैलीत टाकून अंकुरच्या सेंटरवर गेलो.

तिथं धान विकाची ऑनलाईन नोंदणी सुरू होती. लाईन पार बसस्टँडकडं वळली होती. मी म्हटलं, माहं धानाचं काम नाही. लाईनीतला एक म्हणाला, धानाचं नाही तं मागं जा, धानाचं असलं तं त्याच्याही मागं जा. दोन्हीतला फरक इचारत इचारत मी मागं गेलो. माह्या पुढचा माणूस सरकून उभा राहिला अन् म्हणाला, बाबूजी, तुमी पुढं व्हा, तुमाले उभं राहाचा तरास असन. म्हणजे गल्ली ओलांडून बिमारी चौकात पोचली होती. इज्जत गिळून मी पुढं झालो. त्या बिमारीचा येवढाच काय तो फायदा.

अंकुर म्हणाला, पुसणं म्हणजे काही नाही, पासवर्ड सांगा. मी म्हटलं, पासवर्ड तं तूच टाकला होता. तो म्हणाला, मंग मले आठवत नाही, पण नंबरावर नवा येते. नंबर कोणाचा? त्याचाच, जुना. ते सिम कुठं? त्याच्या साळ्यापाशी, वर्ध्याकडच्या एका खेड्यात. साळ्याले फोन लावला. त्याच्या गावात रेंज फक्त पाण्याच्या टाकीवर. तो टाकीवर चढला, आकडे आले, तो खाली उतरून दुसऱ्याच्या फोनवरून सांगेपर्यंत आकडे शिळे झाले. दुसऱ्यांदा चढला. वरूनच ओरडून सांगाचं ठरलं, खालच्यानं ऐकलं, आमाले सांगितलं, यंत्र म्हणे चूक. तिसऱ्यांदा साळा चढला नाही. त्यानं अंकुरच्या बहिणीचं नाव घेऊन काहीतरी म्हटलं अन् फोन ठेवला. यंत्रानं म्हटलं का तुमी लय वेळा विचारलं, आता काही दिवस विचारू नका. सरकारी कचेरीतही मले असं तोंडावर कोणी म्हटलं नाही.

शेवटी मी रडकुंडीले येऊन विचारलं का बाबा, माह्या लॅपटॉपात ही मूळव्याध आली कुठून, येवढं तरी सांग.

"ते तुमची नसन, भाऊ," अंकुर म्हणाला. "गल्लीची असन."

मग त्यानं जे सांगितलं ते मले अजून नीट समजलं नाही, पण जितकं समजलं तितकं सांगतो. आमच्या गल्लीतला हरेक नवा मोबाईल अंकुरनंच सुरू करून देलेला. सुरू कराले एक खातं लागते. लोकाइले आपली जन्मतारीख आठवत नाही, पासवर्ड कोण आठवन? म्हणून त्यानं एकच खातं काढलं अन् साऱ्याइच्या मोबाईलात तेच टाकलं. माह्या लॅपटॉपातही तेच. गल्ली तं एकच आहे ना, म्हणे.

म्हणजे यंत्राच्या हिशोबानं आमची सारी गल्ली मिळून एक माणूस आहे. त्याले मूळव्याध आहे. त्याची म्हैस गाभण आहे, पण त्याची खात्री नाही. तो फाडफाड इंग्रजी शिकून राहिला. त्याची सून रुसून माहेरी गेली आहे अन् ती कशी आणावी हे तो भर दुपारी विचारते. त्याच्या धानावर तुडतुडा पडला आहे. अन् येवढं सारं डोक्यावर असून या माणसाले काळजी कशाची, तं तुमसरच्या धकात्याच्या टकलाची. यंत्र बिचारं त्याले मदत कराले पाहून राहिलं होतं. एकेक पेटी पुढं करून म्हणत होतं, बाबा, यातलं एक तरी पुरं कर.

मी सेंटरच्या पायरीवर बसलो. मग ध्यानात आलं. गल्लीचं माह्याकडं येते, तं माहं गल्लीत जात असन.

गोमाजीले गाठलं. त्यानं मोबाईल काढून दाखवला. सर्वात वर, 'धकाते तुमसर'. तो म्हणे, किती दिवसाचं येऊन राहिलं.

"मोबाईल रोज म्हने, धकाते पुढे चालू ठेवा. म्या म्हटलं सरकारी काम असन. म्या रोज दाबून देतो गा."

गल्लीतल्या अजून कोण-कोणाले सरकारी काम वाटलं होतं. रोज सकाळी उठून लोक धकाते दाबत होते. जितके दाबत तितकी यंत्राची खात्री होऊन राहिली का गल्लीले धकात्याबिगर दुसरं काही सुचत नाही. पुष्पाबाई तं आपल्या मनानं पुढं गेली होती. येवढं लोक काहून पाहून राहिले म्हणून तिनं 'धकाते तुमसर दुसरं लग्न' टाकून पाहिलं. काही निघालं नाही, पण पेटीत ते बसलं. फक्त शेवंता वाचली होती, कारण तिचा मोबाईल बटणाचा. रंजिताचा तिनं भंडाऱ्याले घेतला होता. बाकी आमच्या गल्लीत ज्याले अक्षर येते त्याले धकाते माहीत झाले होते. मी जलमभर जे जपलं, त्याची दवंडी माह्याच हातानं पिटली गेली होती, अन् ढोल गोमाजीच्या हातात होता.

दोन दिवसानं तुमसरचे लोक पक्की बोलणी कराले येणार होते.

मी गोमाजीले अन् पुष्पाबाईले आवाराच्या मागं घेऊन गेलो अन् सारं खरं सांगितलं. पोरीच्या सोयरीकीचं म्हटल्यावर दोघंही हळहळले. गोमाजीनं उभ्यानंच इचार केला. तो म्हणाला, धानाच्या बांधीत तण मातलं का आपण एकेक काडी उपटत बसतो का? चिखलणी करतो. सारं तण चिखलात गाडतो अन् वरून रोवणा लावतो. हे बी तसंच कराचं. वाईट पुसल्या जात नसन तं त्याच्यावर चांगलं रोवाचं.

मले ते पटलं. त्या वेळी मले काहीही पटलं असतं. गल्लीत निरोप गेला. ज्याच्यापाशी मोबाईल आहे त्यानं येता-जाता धकात्यांचं चांगलं टाकाचं. लोकांनी जीव लावून टाकलं. 'धकाते तुमसर देवमाणूस'. 'धकाते घराणे फार चांगले'. 'धकाते अटक नाही'. 'धकाते दुसरं लग्न खोटं'. एकानं फाडफाड इंग्रजीतही टाकलं. संध्याकाळी मी लॅपटॉप उघडला. मूळव्याध, म्हैस, सून, तुडतुडा, सारं गाडलं गेलं होतं. पडद्यावर वरपासून खालपर्यंत एकटे धकाते उगवले होते.

मी लॅपटॉप धानाच्या कोठीत खोल गाडला. चिखलणी म्हणजे ही.

पाहुणे आले. कैलाशजी, त्याहीची बायको निर्मलाबाई अन् भूषण. पोहे झाले, तर्री झाली, तारखेचं बोलणं निघालं. मी एका वाक्याच्या वर बोलत नव्हतो. कैलाशजी दुकानाच्या नव्या मजल्याचं सांगत होते. फोटो दाखवतो म्हणून त्याहीनं मोबाईल काढला, तं तो बंद पडलेला. किती दिवसाचा असाच करून राहिला, लग्नाच्या आधी नवा घ्या लागते, म्हणे. झालं असतं येवढ्यावर. पण रंजिता आत पाण्याचे ग्लास न्याले आली होती. ती म्हणाली, थांबा, लॅपटॉप आहे ना. मी म्हटलं तो बिघडला. शेवंता म्हणाली, काहीतरीच, सकाळी कोठीतून धान काढाले गेली तं मले दिसला, म्हटलं याहीनं ओल लागू नाही म्हणून ठेवला असन. तिनं तो पदरानं पुसून आणला अन् कैलाशजीच्या मांडीवर ठेवला.

कैलाशजीनं 'ध' दाबला.

फक्त 'ध'. पुढचं सारं यंत्रानं सांगितलं. खाली एक लांब यादी उघडली. निर्मलाबाईनं चष्मा लावला. त्या बाईले वाचाचा नाद आहे अन् वाचलेलं मोठ्यानं म्हणाची सवय आहे. धकाते तुमसर भानगड. धकाते तुमसर टक्कल. धकाते तुमसर देवमाणूस. धकाते अटक नाही. मग ती थांबली.

"का जी," तिनं नवऱ्याले विचारलं, "हे दुसरं लग्न कोणतं?"

भूषणचा हात आपोआप कपाळावर गेला. रंजिता ग्लास घेऊन उभीच. शेवंता माह्याकडं पाहून राहिली होती, अन् तिच्या डोळ्यात मले मोहाडी-पवनी गाडीची पाटी सरळ वाचता येत होती.

मी सांगाले सुरुवात केली. गल्ली एकच माणूस आहे, असं म्हटलं. साळा टाकीवर चढला होता, असं म्हटलं. म्हैस गाभण आहे, असंही म्हटलं. आता आठवते तं त्या लोकाइले ते कसं वाटलं असन हे मले समजते. शेवटी पुरावा पायजे म्हणून खिडकीतून गोमाजीले हाक मारली. मूळव्याध गोमाजीची आहे हे मले आता समजलं होतं. त्यानं एकदा मान्य केलं का ती गल्लीची निघते, मग यादीही गल्लीची निघते, अन् माही सुटका. गोमाजी आला. कैलाशजीनं खुर्ची पुढं केली. तो उभाच राहिला.

मी म्हटलं, गोमाजी, पोरीच्या भल्यासाठी सांग. मूळव्याध कोणाची आहे?

गोमाजीनं पाहुण्याकडं पाहिलं, पाहुणीकडं पाहिलं. मग माह्या खांद्यावर हात ठेवला.

"याचीच हाय जी," तो म्हणाला. "लय सोसते बिचारा."

अन् तो गेला. चालला तो जरा पाय फाकवून चालला, पण तिकडं पाहाले कोण होतं.

कैलाशजीनं लॅपटॉपचं झाकण लावलं. उठून उभे राहिले. मले भात रांधाचा वास येऊ लागला.

"सोनकुसरेजी," ते म्हणाले, "म्हणजे तुमी आमची चौकशी केली."

मी मान खाली घातली. हो म्हटलं.

"मनापासून केली?"

"टकलापर्यंत केली," मी म्हटलं. आता लपवून काय होणार होतं.

कैलाशजी परत खाली बसले. बायकोकडं वळून म्हणाले, "आयकलं? मी म्हणत नव्हतो, हा माणूस तसा नाही." मग माह्याकडं वळून त्याहीनं सारं सांगितलं. पोरगी पाहून गेल्यापासून ते लोक वाट पाहून राहिले होते. मोहाडीचे सोनकुसरे बाबू चौकशीले येणार म्हणून त्याहीनं पानठेलेवाल्याले काय बोलाचं ते सांगून ठेवलं होतं. चक्कीवाल्याले सांगितलं होतं. शेजारच्या म्हाताऱ्याशी मागच्या पिढीपासून अबोला होता, त्याच्या घरी फक्त यासाठी मिठाई घेऊन गेले अन् अबोला मोडला. अन् मी आलोच नाही. धकात्यांची चौकशी कराची कोणाले गरज वाटली नाही, म्हणजे धकात्यांची काही किंमतच नाही, असं मनाले लागलं होतं. आज ते खरं म्हणजे नाही म्हणाच्या तयारीनं आले होते.

"मागच्या आठवड्यात एक माणूस वांग्याची रोपं विचारत आला," ते म्हणाले. "पानठेलेवाल्यानं त्याले धरून बसवलं, चहा पाजला अन् आमचं सारं घराणं सांगितलं. तो खरंच वांगेवाला निघाला. पळून गेला बिचारा."

मी विचारलं, वांग्याचं तुमाले कोणी सांगितलं?

"पवनीचा जावई आपल्याच सासुरवाडीत दुपट्टा टाकून वांगे मागत फिरते, हे कोणाले माहीत नाही?" कैलाशजी म्हणाले. "गोंदियालेही माहीत आहे."

मी शेवंताकडं पाहिलं. ती छताकडं पाहून राहिली होती. मग मले समजलं का त्या दिवशी पवनीत रोपं मागितली का प्रत्येक घरातून आधी चहा अन् पोहे काहून येत होते. मले वाटे पवनीचे लोक शेतकऱ्याले फार मानतात.

दुसऱ्या लग्नासाठी पुष्पाबाईले बोलावून आणावं लागलं. तिनं ते आपल्या मनानं टाकलं असं देवाची शपथ घेऊन सांगितलं. निर्मलाबाईचं बरंचसं समाधान झालं. भूषणनं मले हळूच विचारलं का शास्त्रात काय निघालं. मी म्हटलं एकमत नाही. रंजितानं त्याच्या कपाळाकडं काचेवरच्या थेंबाकडं पाहावं तसं पाहिलं अन् म्हणाली, ठीक आहे.

साक्षगंधाची तारीख निघाली. शेवंतानं गाठोडं बांधलं नाही. जाता जाता कैलाशजी म्हणाले, इथं नवा मोबाईल कुठं चांगला भेटन? आता इवाई झालो म्हटल्यावर माहं काही कर्तव्य आहे. मी त्याहीले सोता चौकात घेऊन गेलो. धानाच्या लाईनीनं माह्या बिमारीपायी आमाले पुढं जाऊ देलं. अंकुरनं तिथल्या तिथं मोबाईल सुरू करून देला.

काल सकाळी तुमसरहून इवाईनबाईचा, म्हणजे निर्मलाबाईचा, फोन आला. इवायाच्या मोबाईलवर पेटी आली आहे. ते नाही नाही म्हणून राहिले, पण तिनं त्याहीले ताक अन् सुरण सुरू केलं आहे. पुष्पाबाईची गोल उशी आमी दुपारच्या गाडीनं पाठवून देली.